आपल्या देशाचं धोरण कुठं कुठं चुकलं? वावरातून, बेड्यावरून आन् अभ्यासिकेतून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गावातल्या अभ्यासिकेत संध्याकाळी पोट्टे-पोट्टी बसतात, तलाठी भरती, पोलीस भरती, काही जण राज्यसेवा. गाईडातले प्रश्न संपले की खरे प्रश्न सुरू होतात. पारावर बसणारे म्हातारेही मधेच तोंड घालतात. तेच तेच प्रश्न सारखे येतात म्हणून उत्तरं एकदाची लिहून टाकली. यवतमाळ जिल्ह्यातून लिहितोय, म्हणजे कापूस जास्त येणार हे आधीच सांगून ठेवतो.

देशाच्या चुका काढणं बरं दिसते का? बाहेरचे हसतील ना.

हसू द्या. २००६ चा वन हक्क कायदा उघडून पहा, त्याच्या सुरुवातीलाच संसदेनं लिहून ठेवलंय की जंगलात राहणाऱ्या लोकांवर ऐतिहासिक अन्याय झाला. संसद स्वतः लिहिते तर आपण पारावर बोललो म्हणून काय बिघडते. उलट आपल्याकडं अडचण ही आहे की असं लेखी कबूल केल्याची उदाहरणं फार कमी. बाकी ठिकाणी काय होते, जुनी योजना गुपचूप बंद, नवीन नावानं नवीन योजना, आणि मधे जे मेले-बुडाले त्यांचा हिशेब कोणीच मांडत नाही.

सगळं इंग्रजांमुळं झालं, खरं का?

अर्धं खरं. १८५३ मध्ये इंग्रजांनी निजामाकडून वऱ्हाड आपल्या ताब्यात घेतलं ते काही इथल्या लोकांच्या कळवळ्यानं नाही, इथली काळी जमीन पाहून. पुढं १८६१ ला अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिकडचा कापूस बंद झाला, इंग्लंडातल्या लँकेशायरच्या कापड गिरण्या बसल्या, आणि वऱ्हाडातल्या कापसाला अचानक सोन्याचा भाव आला. मग रेल्वे, १८६७ ला नागपूरपर्यंत, १८७० ला खामगावचा फाटा. कारंजा लाडला १८८६ मध्ये कापसाचा नियंत्रित बाजार सुरू झाला, देशातला पहिला म्हणतात तो हाच, आणि अभिमानानं सांगतात, सांगावाच, पण त्या बाजारातून गठाण निघून मुंबईच्या गोदीत जावी हाच त्यातला हेतू होता हेही सांगावं.

या सगळ्यात ज्वारीची जमीन पऱ्हाटीखाली, म्हणजे कापसाखाली गेली. पूर्वी घराघरात ज्वारीचे पेव असायचे, म्हणजे जमिनीतला साठा, एक वर्ष पाणी नाही पडलं तरी निभायचं. १८९९-१९०० चा दुष्काळ पडला तेव्हा वऱ्हाडात माणसं फार मेली. रेल्वे होती, बाजार होता, धान्य विकतही मिळत होतं, पण मजुराच्या हातात पैसा नव्हता. ही गोष्ट नीट लक्षात ठेवा, कारण पुढं पन्नास-शंभर वर्षांनी हेच दुसऱ्या रूपात दिसते.

आता उरलेलं अर्धं. १९४७ नंतर इंग्रज गेले, पण कच्चा माल इथून आणि कापड दुसरीकडून ही पद्धत काही गेली नाही. एक नागपूरची एम्प्रेस मिल, टाटांची, १८७७ ची, अशा थोड्या सोडल्या तर इकडं जिनिंगच्या पुढं फार काही उभं राहिलं नाही. सरकी काढायची, गठाण बांधायची, ट्रक भरायचा. हे बदलायचं काम इंग्रजांचं नव्हतं, आपलं होतं.

कापूस एकाधिकार योजना चांगली होती म्हणतात म्हातारे, मग बंद काहून केली?

या प्रश्नावर पारावर भांडणं झालीत, म्हणून जरा सविस्तर.

१९७१ चा कायदा, १९७२ पासून अंमल. महाराष्ट्रातला सगळा कापूस सरकारच घेणार, व्यापाऱ्याला बंदी. विचार चांगला होता. त्याच्या आधी खेडा खरेदीत, म्हणजे गावात येऊन कापूस घेताना, व्यापारी काट्यात मारायचा, कटती (वजनात कपात) लावायचा, उचल देऊन ठेवायचा म्हणजे कास्तकार दुसरीकडं जाऊच शकत नव्हता. सरकारनं म्हटलं, भाव आम्ही ठरवू, वर नफा झाला तर बोनसही देऊ. आणि काही वर्षं दिलाही, त्या पैशात इकडं लग्नं झाली, विहिरी खणल्या, हे म्हातारे सांगतात ते खोटं नाही.

मग बिघडलं कुठं? पहिली गोष्ट, बंदी फक्त महाराष्ट्रात. बाजूला मध्य प्रदेश, तिकडं आदिलाबाद, गुजरात, सगळीकडं बाजार खुला. बाहेर भाव चढला की इकडचा कापूस रात्रीतून सीमेपार, बाहेर भाव पडला की तिकडचा कापूस इकडच्या केंद्रावर, सातबारा कोणाचा तरी लावून. म्हणजे तोटा झाला की सरकारचा आणि फायदा झाला की भलत्याचाच. हे कोणाला आधी दिसलं नसेल असं मला वाटत नाही, दिसलं असेल, पण बोलणार कोण.

दुसरी गोष्ट चुकारा. कापूस आज दिला तर पैसे हप्त्यानं, कधी दिवाळीचे होळीला. त्यातून सोसायटीचं कर्ज कापून, भांडवल निधीच्या नावानं अजून कपात. हातात यायचं ते घेऊन माणूस गप बसायचा.

तिसरी ग्रेडर. ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगतो. केंद्राबाहेर बैलगाड्यांची रांग, रात्री गाडीखालीच झोपायचं, बैलाला कडबा सोबत, भाकर सोबत. सकाळी ग्रेडर येणार, गाडीतून मूठभर कापूस उचलणार, चिमटीत धरून धागा ताणणार, एकदा नाकाजवळ नेणार, आणि एक शब्द बोलणार. त्या एका शब्दात वर्ष ठरायचं. वरचा ग्रेड की खालचा. आता ज्याच्या हातात एवढी ताकद आणि वर विचारणारा कोणी नाही तिथं काय होते हे सांगायची गरज नाही. व्यापाऱ्याच्या काट्यातून सुटलो आणि चिमटीत सापडलो.

२००२ नंतर बंदी सैल होत गेली आणि योजना संपल्यातच जमा झाली, तोपर्यंत तोटा डोक्याच्या वर गेला होता. माझं मत विचाराल तर खरेदी करणं चूक नव्हतं, दुसऱ्याला खरेदी करू न देणं चूक होतं. सरकार एक खरेदीदार म्हणून बाजारात उभं राहिलं असतं तरी व्यापारी आपोआप भाव धरून राहिला असता. पण बंद करताना उलटी चूक केली, एकदम सोडून दिलं. पुन्हा खेडा खरेदी, पुन्हा उचल, पुन्हा तोच काटा, फक्त आता इलेक्ट्रॉनिक.

इकडं भाव नाही आणि सरकार बाहेरून कापूस काहून आणते जी?

कारण सरकारला कापसाच्या एका टोकाला आपण आणि दुसऱ्या टोकाला गिरणीवाला दिसतो, आणि गिरणीवाल्याची ओरड दिल्लीत लवकर ऐकू जाते. २०२१ पासून आयात कापसावर ११ टक्के शुल्क होतं. ऑगस्ट २०२५ मध्ये अमेरिकेनं आपल्या कपड्यावर टॅरिफ वाढवला, गिरण्या अडचणीत आल्या, तर १९ ऑगस्टपासून हे शुल्क शून्य केलं, आधी ३० सप्टेंबरपर्यंत म्हटलं, मग वाढवून ३१ डिसेंबर. आता आपली वेचणी कधी सुरू होते? दसरा-दिवाळी. म्हणजे आपला कापूस घरात यायला आणि बाहेरचा बिनशुल्क कापूस बंदरावर उतरायला एकच गाठ.

त्या हंगामाचा हमीभाव क्विंटलला मध्यम धाग्याला ७,७१० रुपये, लांब धाग्याला ८,११०. कागदावर ठीकच आहे. पण सीसीआयला, म्हणजे केंद्राच्या कापूस महामंडळाला द्यायचा तर ॲपवर नोंदणी करा, आधार जोडा, स्लॉट घ्या, आणि ओलावा १२ टक्क्यांच्या वर गेला की गाडी परत. दिवाळीच्या आसपास पहाटेच्या दहिवरात वेचलेला कापूस १२ च्या आत बसवून दाखवावा कोणी. म्हणून ज्याला पैशाची निकड तो दारातच खेडा खरेदीवाल्याला देऊन मोकळा होतो.

गिरणीत काम करणाराही माणूसच आहे, त्याची नोकरी वाचली पाहिजे हे मान्य. पण दर वेळी ती वाचवायचा खर्च एकाच बाजूनं काहून काढायचा, एवढंच विचारणं आहे.

बीटी कापसानं वाटोळं केलं की भलं केलं?

दोन्ही बाजूचे लोक या प्रश्नावर डोळे लाल करून बोलतात. बीटी म्हणजे बोंडअळी मारणारा जनुक घातलेलं कापसाचं बियाणं. त्याला मार्च २००२ मध्ये परवानगी मिळाली. सुरुवातीला हिरव्या बोंडअळीवर खरंच काम केलं, फवारण्या कमी झाल्या, उत्पादनही वाढलं, ज्यानं तेव्हा शेती केली त्याला हे नाकारता येत नाही.

चूक तंत्रात कमी आणि ते आणायच्या पद्धतीत जास्त. आपल्याकडं बीटी आलं ते फक्त संकरित बियाण्यात. म्हणजे घरची सरकी पेरायची सोय संपली, दर वर्षी पाकीट विकत. त्यातही हे वाण बरेचसे लांब मुदतीचे, पाणी असलेल्या जमिनीत ठीक, पण आमच्याकडं कोरडवाहू, सप्टेंबरात पाऊस गेला की बोंडं भरायच्या वेळेलाच जमीन कोरडी. सरळ वाण (ज्याची सरकी पुन्हा पेरता येते), कमी दिवसाचे, देशी, यावर संशोधन करणाऱ्या सरकारी संस्था होत्या, अकोल्याला कृषी विद्यापीठ, नागपूरला केंद्रीय कापूस संशोधन संस्था, पण बाजारात त्यांचं बियाणं शोधून सापडत नव्हतं.

आणि ते १२० ग्रामचं पाकीट. आठवते का? ४५० ग्रामच्या बीटी पाकिटासोबत एक छोटं पाकीट यायचं, बिगर बीटीचं, कधी तूर. ते कडेनं पेरायचं असते, म्हणजे अळीला थोडं साधं खाणं राहते आणि ती बीटीला सरावत नाही. आमच्या गावात ते पाकीट कोणी पेरलं? दुकानदारानं सांगितलं नाही, कृषी सहायक आलाच नाही, आणि तीन-चार एकरवाला माणूस म्हणतो मी अळीसाठी दोन ओळी काहून सोडू. पाकिटं दुकानाच्या मागं उकिरड्यावर पडलेली असायची. नियम कागदावर पूर्ण पाळला गेला, पाकीट दिलं ना.

मग गुलाबी बोंडअळी सरावली. २०१७ मध्ये सगळा विदर्भ तिनं खाल्ला, बोंड बाहेरून टवटवीत आणि फोडलं की आत कवडी, म्हणजे खराब कापूस. त्याच वर्षी आमच्या यवतमाळ जिल्ह्यात फवारणी करताना विषबाधेनं २० च्या वर शेतकरी-शेतमजूर गेले, शेकडो दवाखान्यात. पऱ्हाटी डोक्याएवढी वाढलेली, पंप पाठीवर, अंगावर साधा सदरा, हवा बंद. नंतर मास्क आणि हातमोजे वाटले. ऑक्टोबरच्या उकाड्यात ते घालून कोणी एक पंप मारून दाखवा मग बोलू.

२००८ च्या कर्जमाफीत आमच्या बाबाचं नाव काहून नव्हतं?

कारण तुमच्या बाबाकडं पाच एकरापेक्षा जास्त जमीन असेल. केंद्राच्या त्या योजनेत दोन हेक्टरपर्यंतवाल्याला पूर्ण माफी. त्याच्यावर असेल तर आधी तुम्ही ७५ टक्के भरा मग २५ टक्के सूट. आता ज्याच्याकडं ७५ टक्के भरायची ताकद असती तो थकबाकीदार झालाच कशाला असता?

दोन हेक्टरची रेघ दिल्लीत बसून मारली. पश्चिम महाराष्ट्रात दोन हेक्टर बागायत, ऊस, म्हणजे तो माणूस बरा खाऊन-पिऊन आहे. आमच्याकडं आठ एकर मुरमाड कोरडवाहूवाला, एक पीक, तेही पावसाच्या भरवशावर, तो कायद्याच्या हिशेबानं मोठा शेतकरी. शिवाय इकडं निम्मं कर्ज सावकाराचं, त्याचा कोणत्याच यादीत पत्ता नाही.

त्याच्या आधी २००६ ला पंतप्रधान मनमोहन सिंग विदर्भात आले, सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटींचं पॅकेज जाहीर झालं. अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलढाणा, वाशीम, वर्धा. त्यातला मोठा भाग सिंचन प्रकल्पांना, जे वर्षानुवर्षं अर्धेच असतात. आणि एक भाग दुधाळ गायी, अर्ध्या अनुदानावर. जिथं माणसाला उन्हाळ्यात प्यायला पाणी नाही, चारा नाही, दूध घेणारा संघ धड नाही, तिथं संकरित गाय. बायकांनीच आधी हात जोडले, म्हणाल्या बाप्पा हिचं खाणं आमच्या सगळ्या घरापेक्षा जास्त आहे. पुष्कळ गायी बाजारात गेल्या.

आत्महत्या पात्र-अपात्र म्हणजे काय? मेलेला माणूस अपात्र कसा काय असते?

हा प्रश्न एका पोरीनं विचारला होता, तिच्या घरचाच होता, म्हणून उत्तर सांभाळून देतो.

सरकारी मदतीसाठी घरच्या नावावर शेती लागते, बँक, सोसायटी किंवा परवानाधारक सावकाराचं कर्ज लागते, त्याचा तगादा दाखवावा लागते. जिल्हाधिकाऱ्यांची समिती ठरवते. पात्र ठरलं तर एक लाख रुपये, त्यातले ३० हजार हातात आणि ७० हजार बँकेत ठेव. ही रक्कम २००६ च्या सुमाराची आहे. तेव्हापासून डिझेल, खत, बियाणं कुठल्या कुठं गेलं.

आता यात कोण बसत नाही ते पहा. दुसऱ्याचं वावर ठेक्यानं करणारा बसत नाही. बिगर परवान्याच्या सावकाराकडून घेतलेला बसत नाही, आणि परवाना असलेला सावकार दाखवा मला गावात. शेतमजूर बसत नाही. ज्या बाईच्या नावावर जमीन नाही, आणि बहुतेकींच्या नसतेच, ती आयुष्यभर निंदण-वेचणी करूनही कागदावर शेतकरी नाही, गृहिणी. नवरा गेल्यावर सातबाऱ्यावर नाव चढवायला तिला दिरा-सासऱ्याच्या पाया पडावं लागते. आकडे मोजायचे कसे हे ठरवतानाच अर्धी माणसं बाहेर राहिली, मग धोरण ज्या आकड्यावर बनते तो आकडाच लंगडा.

ज्यांच्या घरात आत्ता असा ताण आहे त्यांनी एकट्यानं ओढू नका, गावात कोणाला तरी सांगा, टेलिमानसचा १४४१६ हा सरकारी नंबर फुकट लागतो, मराठीत बोलतात.

पारधी बेड्यावर, म्हणजे वस्तीवर, पोलीस अजूनही रात्री काहून येतात? तो कायदा तर गेला ना?

कायदा गेला. १८७१ मध्ये इंग्रजांनी गुन्हेगार जमातींचा कायदा केला, पुढं तो वाढवत नेला, आणि अख्ख्या जमाती जन्मानं गुन्हेगार ठरवल्या. हजेरी लावायची, गाव सोडायला परवानगी. ३१ ऑगस्ट १९५२ ला तो रद्द झाला, देश स्वतंत्र होऊन पाच वर्षांनी. पाच वर्षं काहून लागली याचं उत्तर मला पटेल असं कुठं मिळालं नाही.

पण लगेच सवयीच्या गुन्हेगारांचे कायदे आले, महाराष्ट्रात १९५९ चा. त्यात जमात नाही, माणूस. दिसायला फरक मोठा. पण ठाण्याचं रजिस्टर तेच, शिपायाला त्याच्या वरच्यानं शिकवलेलं तेच. कुठं चोरी झाली की पहिली गाडी बेड्यावर. त्यावर १९७२ चा वन्यजीव कायदा. तितर, लावे, ससा धरणं हा ज्यांचा पिढ्यानपिढ्याचा धंदा, तो रात्रीतून गुन्हा झाला. प्राणी वाचायला पाहिजेत, मान्यच, पण त्यांना दुसरं काम काय दिलं? जमीन नाही, रेशन कार्ड नाही, जातीचा दाखला मागायला गेलं की पन्नास सालच्या आधीचा पुरावा आणा म्हणतात. ज्याला त्या काळात सरकार फक्त ठाण्याच्या वहीत लिहायचं त्यानं शाळेचा दाखला कुठून आणावा?

बेड्यावरची पहिली पोरगी आमच्या अभ्यासिकेत पोलीस भरतीचा अभ्यास करते. ती हे वाचेल म्हणून जास्त लिहीत नाही, तिला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे.

भंडाऱ्याच्या पाहुण्यांकडं मामा तलाव म्हणतात, तो काय प्रकार?

माजी मालगुजारी तलाव, त्याचं झालं मामा. मालगुजार म्हणजे गावाचा सारा वसूल करणारा जमीनदार. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली आणि नागपूरचा काही भाग, मिळून सहा-सात हजार. गोंड राजांच्या काळापासूनचे. तलाव बांधेल त्याला त्याखालची जमीन कसायला, असा रिवाज सांगतात, आणि कोहळी समाजानं यात मोठी कारागिरी केली. उतार पाहून मातीची पाळ, पाणी सोडायला तुडूम, वरच्या तलावाचं जास्तीचं पाणी खालच्या बोडीत, म्हणजे लहान तळ्यात. ना सिमेंट ना इंजिनिअर.

१९५० च्या कायद्यानं मालगुजारी गेली. ते योग्यच झालं, मालगुजार काही देवमाणूस नव्हता, बेगार घ्यायचा, बेदखल करायचा. पण जमीन कुळाला देताना तलाव सरकारजमा झाला, आणि पाळ दर उन्हाळ्यात कोण भरणार, गाळ कोण काढणार, याचं उत्तर कायद्यात नव्हतं. आधी मालगुजार धाकानं का होईना गावाकडून करून घ्यायचा. आता गाव म्हणते तलाव सरकारचा, सरकार म्हणते फायदा गावाचा. १०० हेक्टरच्या आतले जिल्हा परिषदेकडं, मोठे पाटबंधारे खात्याकडं, पैसा कोणाकडंच नाही. गाळ भरला, बेशरमाची झुडपं वाढली, कडेनं अतिक्रमण झालं, आणि ढिवर लोकांची गावठी मासळी कमी होत गेली.

आणि त्याच पट्ट्यात गोसीखुर्द धरण. १९८८ ला राजीव गांधींनी पायाभरणी केली, अंदाज होता ३७२ कोटींचा. पुढं खर्च हजारो कोटींवर गेला, चौकश्या लागल्या, कालव्यांची कामं पिढीभर चालली. त्या पैशाचा चिमूटभर भाग वेळेवर या तलावांना मिळाला असता तर, असं तिकडचे धानवाले बोलतात, आणि मला खोडता येत नाही.

जंगलवाल्यांना हक्क मिळाले म्हणता, मग भांडण कशाचं?

मिळाले, पण ज्यांनी धरून ठेवलं त्यांना. गडचिरोलीतल्या मेंढा-लेखा या गावानं २००९ मध्ये सामूहिक वनहक्काचा पट्टा घेतला, तरी बांबू तोडून विकायचा तर वाहतूक पास वनखात्याकडंच. का तर १९२७ च्या वन कायद्यात बांबू २०१७ पर्यंत झाडात मोडत होता. शेवटी २०११ ला केंद्रीय मंत्री जयराम रमेश स्वतः गावात आले तेव्हा पासाचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती पडलं. कायदा होऊन पाच वर्षं, पट्टा मिळून दोन वर्षं, आणि एक पावती पुस्तक द्यायला केंद्राचा मंत्री लागतो, यावरून खालच्या यंत्रणेचा अंदाज घ्या.

दारूबंदी फसली की नाही?

वर्धा जिल्ह्यात गांधीजींच्या नावानं १९७० च्या दशकापासून बंदी. गडचिरोलीत १९९३ पासून, ती खालून आली, लोकांच्या आणि बायांच्या आंदोलनातून. चंद्रपुरात एप्रिल २०१५ ला लागली आणि २०२१ ला उठली.

चंद्रपूरची बंदी बायांनी पायी मोर्चे काढून मिळवली होती, ते विसरू नका. बंदी लागली तेव्हा दुकान बंद झालं आणि मोटरसायकलच्या डिकीत दुकान सुरू झालं. बाजूच्या यवतमाळ, नागपूरला सगळं खुलं. बारक्या पोरांना पेट्या पोचवायचं काम मिळालं. पण उठवताना कारण काय दिलं, तर अवैध दारू आणि गुन्हे वाढले. म्हणजे अंमल करायचं काम ज्यांचं होतं त्यांनी केलं नाही आणि त्याच कारणानं कायदा मागं घेतला. मोर्चा काढणाऱ्या बायांना कोणी विचारलं? माझं स्वतःचं मत बंदीच्या बाजूनं पूर्ण नाही, गडचिरोलीत तिच्यासोबत गावोगाव काम झालं म्हणून तिथं काही पकडून आहे, नुसत्या कागदानं होत नाही.

दोन पोरांची अट चांगली नाही का? लोकसंख्या तर कमी व्हायलाच पाहिजे.

आणीबाणीत १९७६ मध्ये महाराष्ट्र विधिमंडळानं सक्तीच्या नसबंदीचं विधेयक मंजूर केलं होतं, हे फार जणांना माहीत नसते. राष्ट्रपतींची सही झाली नाही म्हणून वाचलो. पण कायदा नसतानाही टार्गेट होतंच, मास्तर, तलाठी सगळ्यांना कोटा. १९७६-७७ या एका वर्षात देशात ८० लाखांवर नसबंद्या झाल्या. त्याची दहशत अशी बसली की नंतर पुरुष या ऑपरेशनच्या वाटेला जाईनात, आणि सगळा भार बायांवर आला तो आजपर्यंत. कॅम्पमध्ये खाली गादीवर ओळीनं झोपवलेल्या बाया तुम्ही पाहिल्याच असतील.

पंचायतीची अट त्यातूनच पुढं. १२ सप्टेंबर २००१ नंतर तिसरं पोर झालं तर सदस्यपद रद्द. मग तिसरं पोर भावाच्या नावावर, नाहीतर बायको माहेरी. बाई सरपंच असेल तर तिची खुर्ची जाते, आणि तिसरं पोर हवं म्हणणारी सासू घरी मजेत. आता जन्मदर तसाही खाली आलाय, शाळेत पट मिळत नाही म्हणून वर्ग बंद होतात, तरी अट तशीच.

नागपूर करार आणि वेगळा विदर्भ, थोडक्यात सांगा.

विदर्भानं मराठी राज्यात यावं म्हणून पुढाऱ्यांनी २८ सप्टेंबर १९५३ ला करार केला, त्यात विदर्भाला लोकसंख्येच्या प्रमाणात खर्च आणि नोकऱ्या, नागपूरला अधिवेशन. १९५५ ला राज्यांची फेररचना ठरवणाऱ्या फाजल अली आयोगानं वेगळ्या विदर्भाची शिफारस केली, ती मानली नाही. १९६० ला महाराष्ट्र. १९८४ ला दांडेकर समितीनं अनुशेष, म्हणजे विकास किती मागं राहिला ते, मोजून दिला, १९९४ ला वैधानिक विकास मंडळं आली, २०२० ला त्यांची मुदत संपली. अधिवेशन दर हिवाळ्यात होते. संत्री खातात, जातात. वेगळं राज्य झालं असतं तर सगळं सुधारलं असतं असं मला वाटत नाही, छोट्या राज्यातही मोठे चोर असतात, पण शब्द दिला तो पाळला नाही ही वेगळी गोष्ट आहे आणि तिचा राग खरा आहे.

एकही गोष्ट बरोबर केली नाही का सरकारनं?

केली ना. १९७२ च्या दुष्काळात महाराष्ट्रात रोजगार हमी उभी राहिली, १९७७ ला तिचा कायदा झाला, शहरातल्या नोकरदारांच्या व्यवसाय करातून गावच्या मजुराला काम. मागेल त्याला काम हा हक्क म्हणून लिहिणं तेव्हा देशात कुठं नव्हतं, २००५ चा केंद्राचा कायदा त्याच वाटेनं आला. १८९९ ला बाजारात ज्वारी असून हातात पैसा नव्हता म्हणत होतो ना, त्यावरचं बरोबर औषध हेच. यातही हजेरीपटावर मेलेल्यांची नावं लागली, ते वेगळं.

आमच्या गावात असं काय काय झालं ते शोधायचं तर कुठून सुरू करू?

तहसीलमधून. आपल्या विदर्भातल्या गावांचं निस्तार पत्रक असते, त्यात गायरान कोणतं, सरपण कुठून घ्यायचं, ढोरं कुठं चारायची, पाणी कोणत्या तलावाचं, हे सगळं गटवार लिहिलेलं. सोबत वाजिब-उल-अर्ज मागा, त्यात गावाच्या रूढी आणि हक्क. वनहक्काच्या दाव्यात हेच कागद पुरावा म्हणून चालतात. आधी साधा नकलेचा अर्ज करा. बाबू म्हणेल रेकॉर्ड जुनं आहे, फाटलं आहे, उद्या या. दोनदा जा, मग माहिती अधिकारात टाका, दहा रुपयाचा कोर्ट फी स्टॅम्प, ३० दिवसांची मुदत. नाही दिलं तर पहिलं अपील तिथंच वरच्या अधिकाऱ्याकडं. कागद मोडी किंवा उर्दूमिश्रित मराठीत निघाला तर घाबरू नका, गावातल्या कोण्या जुन्या पटवाऱ्याच्या घरी वाचणारा सापडतो. आणि अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या, तारखेसकट, शिक्का मारल्याशिवाय खिडकीवरून हलू नका.